वाचकांचे प्रश्न: कऱ्हाड म्हणजे खरंच हत्तींचा बाजार?

मागच्या अंकात गावांच्या नावांवर लिहिताना मी जाता जाता एक ओळ टाकली होती की कऱ्हाडचं जुनं नाव करहाटक. एवढंच. त्यावर इतकी पत्रं नि मेसेज आले की बाकीचे सगळे प्रश्न पुढच्या महिन्यावर ढकलून यावेळचा पूर्ण कॉलम कृष्णा-कोयनेच्या काठावर घालवायचं ठरवलं. माझी मावशी शुक्रवार पेठेत राहायची, उन्हाळ्याची सुट्टी तिथे, संध्याकाळी संगमावर वाळूत खेळणं नि परत येताना भेळ, त्यामुळे मी या विषयात तटस्थ वगैरे अजिबात नाही हे आधीच सांगून टाकतो.

प्रश्न: सर, आम्हाला शाळेत सांगितलं होतं की करि म्हणजे हत्ती आणि हाटक म्हणजे बाजार, म्हणून करिहाटक, म्हणजे हत्तींचा बाजार. मुलाच्या प्रोजेक्टसाठी नेटवर बघितलं तर तिथेही तेच सापडलं. पण माझे सासरे म्हणतात ते सगळं झूट, कर म्हणजे टॅक्स, हाट म्हणजे बाजार, इथे जकात नाका होता म्हणून करहाट. घरात दोन पार्ट्या पडल्यात, निकाल द्या. (विद्यानगर, कराडहून एक वाचक)

निकाल असा की दोन्ही पार्ट्यांचं डिपॉझिट जप्त. सासऱ्यांना जरा सांभाळून सांगा.

कसं आहे बघा, गावाच्या नावाची फोड करायची तर आज आपण जे बोलतो ते घेऊन किंवा पोथीतलं छान गुळगुळीत संस्कृत रूप घेऊन चालत नाही, सगळ्यात जुनं लिहिलेलं रूप शोधावं लागतं. आणि कऱ्हाडच्या बाबतीत नशीब असं की ते सापडतं, फक्त कऱ्हाडात नाही. ते सापडतं मध्य प्रदेशात, सतना जिल्ह्यात, भारहूतला. सरळ रेषेत मोजलं तरी हजार किलोमीटरच्या वर. तिथे इसवी सनाच्या आधी दुसऱ्या शतकाच्या सुमाराचा एक मोठा बौद्ध स्तूप होता, १८७३ मध्ये इंग्रज पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅमला त्याचे अवशेष सापडले, आणि त्याच्या दगडी कठड्याचे खांब नि आडवे दगड आता कोलकात्याच्या म्युझियममध्ये आहेत. या कठड्याची गंमत म्हणजे तो वर्गणीतून बांधलेला आहे, कुणी खांब दिला, कुणी आडवी पट्टी दिली, नि देणाऱ्याचं नाव त्या त्या दगडावर ब्राह्मीत कोरलंय. आपल्याकडे देवळाच्या पायरीवर 'कै. आईच्या स्मरणार्थ' असतं ना, अगदी तसंच. त्यातल्या एका दगडावर अक्षरं आहेत: 'करहकट-निगमस दान'. म्हणजे करहकट नावाच्या निगमाचं दान. आणि हे करहकट म्हणजे आपलं कऱ्हाड असं बहुतेक अभ्यासक धरून चालतात.

यात दोन गोष्टी आहेत. निगम म्हणजे व्यापारी वस्तीचं गाव, बाजारपेठेचं शहर. हिंदीत आजही महानगरपालिकेला नगर निगम म्हणतात तो हाच शब्द. आणि बाकीच्या दगडांवर भिक्षूंची, भिक्षुणींची, कुणाच्या बायकोची, कुणाच्या आईची नावं असताना या दगडावर माणसाचं नावच नाही, दान अख्ख्या गावाचं आहे. म्हणजे एकवीसशे वर्षांपूर्वी कऱ्हाडच्या लोकांनी एकत्र बसून पैसे जमवले, ते एवढ्या लांब पोचवले, नि पावती गावाच्या नावाने फाडली. (आमच्या सोसायटीत लिफ्टची वर्गणी निघेना, म्हणून हे मला फारच भारी वाटतं.) करहकटच्या लोकांची आणखीही दानं तिथे आहेत, पण ती वैयक्तिक.

दुसरं जुनं रूप सापडतं रायगड जिल्ह्यात, राजपुरीच्या खाडीजवळच्या कुडा लेण्यांत. तिथे एका लेण्यात लिहिलंय की हे लेणं महिक नावाच्या लोहवाण्याने दिलं, आणि तो कुठला, तर करहकडचा. लोहवाणी म्हणजे लोखंडाचा व्यापारी. हा माणूस घाट उतरून खाली कोकणात बंदराकडे माल घेऊन जात असणार, चार पैसे सुटले, लेणं कोरून घेतलं.

आता ही दोन रूपं शेजारी ठेवून बघा. भारहूतला करहकट, नंतर कुड्याला करहकड. ट चा ड झालाय. हे मराठीत सारखं होतं, वट चा वड होतो, कटु चं कडू होतं, घोटक चा घोडा होतो. पुढची पायरी म्हणजे मधला क गळणं, तेही आपल्याकडे नेहमीचंच, कुंभकारचा कुंभार, लोहकारचा लोहार. करहकड मधला दुसरा क गळाला की उरतं करहअड, ते एकदा भरभर म्हणून बघा, करहाड होतंच, आणि त्याचं कऱ्हाड व्हायला एखाद्या म्हातारीचं पान थुंकून होईपर्यंतचा वेळ पुरे. म्हणजे आज पेठेत म्हातारी माणसं जे बोलतात तेच नाव एकवीसशे वर्षं झिजत झिजत आलंय.

मग करहाटक कुठून आलं? माझं स्पष्ट मत सांगतो, ते नंतरचं आहे. बोलण्यातलं नाव पंडितांनी उचललं नि त्याला संस्कृतचा सूट-बूट चढवला. चढवला तो फार छान बसला हे मान्य, पण फोड करायची तर शरीराची करावी, कपड्यांची नको.

आता हत्ती. करि म्हणजे हत्ती बरोबर. पण संस्कृतात बाजाराला शब्द आहे हट्ट, त्याचा आपला हाट झाला. हाटक म्हणजे संस्कृतात चक्क सोनं! हाटकेश्वर म्हणतो तो त्यातलाच. म्हणजे करिहाटक नावाचा अर्थ काढायचाच झाला तर हत्तीचं सोनं असा काहीतरी निघेल, बाजार नाही. आणि कर अधिक हाट या सासऱ्यांच्या फोडीत मधला तो दुसरा क कुठे गेला याचं उत्तर नाही. भारहूतच्या दगडावर तो ठळक बसलाय.

खरी फोड कुठे करायची ते शेजारपाजारच्या नावांवरून कळतं. कार्ल्याच्या लेण्यात दान देणाऱ्या कितीतरी लोकांचं गाव आहे धेनुकाकट. भारहूतलाच विदर्भातल्या भोजकटची एक भिक्षुणी आहे. धेनुकाकट, भोजकट, करहकट. दिसलं ना? कट हे गावाच्या नावाचं शेपूट आहे, जसं आज पूर, गाव, वाडी. म्हणजे चिरायचं ते करह नि कट यांच्या मध्ये, कर नि हाट यांच्या मध्ये नाही. एकदा हे बघितलं की दोन्ही पार्ट्यांचा मुद्दाच संपतो.

उरतो करह. इथून पुढे माझा अंदाज आहे, प्रोजेक्टमध्ये लिहायचं असेल तर अंदाज म्हणूनच लिहा. प्राकृतात करह म्हणजे उंट, संस्कृत करभ वरून, भ चा ह होऊन, जसं प्रभातची पहाट झाली तसं. आणि संस्कृतात करभ म्हणजे उंट किंवा हत्तीचं पिल्लू. म्हणजे बघा, धेनुकाकट मध्ये गाय असेल तर करहकट मध्ये हत्तीचं पिल्लू असायला काय हरकत आहे, आणि तसं असेल तर शाळेतल्या बाईंचा हत्ती मागच्या दाराने परत आला, फक्त बाजार न घेता. यावर आक्षेप असा येऊ शकतो की इतक्या जुन्या काळच्या लेखांत मधला भ सहसा शाबूत असतो, त्याचा ह इतक्या लवकर व्हायला नको. आक्षेप रास्त आहे. म्हणून तर अंदाज म्हटलं.

अजून दोन अर्थ लोक पुढे करतात, तेही उरकतो. अमरकोशात करहाट म्हणजे कमळाचा कंद, आणि करहाटक म्हणजे मदन नावाचं झाड, म्हणजे आपलं गेळ, ज्याचं गेळफळ औषधात वापरतात. झाडावरून गाव म्हणायचं तर आपल्याकडे रिवाज आहेच, कऱ्हाडच्या वरच उंब्रज आहे, त्यात उंबर सरळ दिसतो, पिंपरी, चिंचवड वगैरे तर सोडूनच द्या. गेळ सह्याद्रीत सगळीकडे होतं. मला स्वतःला ही झाडाची कल्पना आवडते, पण परत तेच, ती करहाटक या सजवलेल्या रूपावर उभी आहे.

त्या सजवलेल्या रूपाची कारकीर्द मात्र दांडगी आहे हां. महाभारतात सभापर्वात सहदेव दक्षिणेत दिग्विजयाला येतो, त्यात करहाटक आहे, आणि श्लोकात म्हटलंय की ही शहरं त्याने नुसते दूत पाठवून ताब्यात घेतली नि कर वसूल केला. लढाई नाही, बाचाबाची नाही. सासऱ्यांना हा श्लोक दाखवा, त्यांचा टॅक्स निदान इथे तरी सापडला, जरा बरं वाटेल. मग श्रवणबेळगोळच्या बाराव्या शतकातल्या शिलालेखात जैन आचार्य समंतभद्रांच्या तोंडी एक श्लोक आहे, त्यात ते म्हणतात मी पाटलिपुत्रात नगारा वाजवला, माळव्यात, सिंधमध्ये, कांचीत वादाचं आव्हान दिलं, आणि आता आलोय 'करहाटकं बहुभटं विद्योत्कटं संकटम्'. म्हणजे योद्धे पुष्कळ, विद्या जोरात, आणि गर्दी. संकट म्हणजे इथे दाटीवाटी. शनिवारी दुपारी दत्त चौकातून स्कूटर काढून बघा, विशेषण अजून लागू आहे.

राष्ट्रकूट राजा तिसरा कृष्ण याचा ९५९ चा एक ताम्रपट तर खुद्द कऱ्हाडात सापडला, त्यात करहाटच्या मठाचा प्रमुख असलेल्या गगनशिव नावाच्या शैव आचार्याला गाव दान दिलंय, आणि तो राजा ते दान देतोय कुठून, तर दक्षिणेत मेलपाटीच्या लष्करी छावणीतून. पुढे शिलाहार घराण्याचे राजे इथे आले, त्यांच्या एका राजकन्येशी, चंद्रलेखेशी, चालुक्य विक्रमादित्य सहाव्याने लग्न केलं, त्या स्वयंवराचं वर्णन संस्कृत कवी बिल्हणाने केलंय आणि ते चांगलंच लांबलचक आहे.

प्रश्न: मी आठवीत आहे. कऱ्हाड हे नाव कऱ्हा नदीवरून आलं का? आमच्या वर्गात बेट लागली आहे. (बारामती)

नाही. पैसे परत कर.

कऱ्हा तुझ्या बारामतीची, ती पुरंदर तालुक्यातून सासवड, जेजुरीकडून येते नि पुढे नीरेला मिळते. कऱ्हाडला कृष्णा नि कोयना, कऱ्हेचा एक थेंबही तिथे थेट जात नाही. पण तुमची बेट लागली यात तुमची चूक नाही, घोळ मोरोपंतांनी करून ठेवलाय. ते राहायचे बारामतीला कऱ्हेच्या काठी आणि ज्ञातीने होते कऱ्हाडे ब्राह्मण, त्यामुळे कऱ्हाकाठचे म्हणून कऱ्हाडे असा समज होणं अगदी साहजिक. पण कऱ्हाडे आले ते कऱ्हाडवरून. बारामतीला मोरोपंतांचा वाडा बघितला नसशील तर बेटवाल्या पोरांना घेऊन जा.

प्रश्न: वरच्याच विषयावर. आम्ही कऱ्हाडे, मूळ घर राजापूरकडे, नात्यातले लोक गोव्यात, बेळगावात, इंदूरला. कऱ्हाडला आमच्यापैकी कुणी कधी राहिल्याचं ऐकिवात नाही. मग नाव कसं? तसंच, नावाबद्दल पुराणात काहीतरी गोष्ट आहे म्हणतात ती छापाल का? (राजापूर, जि. रत्नागिरी)

गोष्ट छापणार नाही. ती नावातल्या 'हाड' या अक्षरांवर रचलेली आहे, कुणीतरी कुणावरचा तरी राग काढायला पोथीत घुसडलेली, आणि वर सांगितलंच की हे हाड हाडाचं नाहीच, ते कट चं कड नि कडचं अड होऊन आलेलं आहे. ज्याने गोष्ट रचली त्याला भारहूतचा दगड माहीत नव्हता, त्याचा इलाज नाही.

नावाचं म्हणाल तर त्यात नवल काही नाही. माणूस गावातच राहिला तर त्याला गावाच्या नावाने कोण ओळखणार? पुण्यात कुणी पुणेकर आडनाव लावत नाही. बाहेर पडला की नाव चिकटतं. शिलाहारांच्या काळी करहाट हे नुसतं गाव नव्हतं, मोठ्या मुलखाचं नाव होतं, तेव्हा त्या मुलखातून घाट उतरून खाली गेलेले, विद्येसाठी, वतनासाठी, कशासाठी का असेना, ते सगळे कऱ्हाडे. झाशीची राणी लक्ष्मीबाई माहेरची तांबे, तेही कऱ्हाडेच, आणि जन्म काशीचा. गाव मागे राहिलं, नाव पार उत्तरेत गेलं.

एकदा येऊन जा मात्र. चिपळूणवरून कुंभार्ली घाट चढून कोयनेच्या कडेकडेने यायचं, म्हणजे पूर्वज ज्या दिशेने उतरले असतील त्याच्या उलट.

प्रश्न: कराड की कऱ्हाड? आमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपचं नाव यावरून तीन वेळा बदललं. अ‍ॅडमिन वैतागून ग्रुप सोडून गेला. (मूळ कऱ्हाड, सध्या पुणे)

दोन्ही चालतं, पण मला विचाराल तर कऱ्हाड. ह आहे तो एकवीसशे वर्षं टिकलेला आहे, क गेला, ट गेला, ह राहिला, आता आपण आळशीपणाने घालवायचा म्हणजे काय.

सरकारी कागदावर, रेल्वेच्या पाटीवर, तालुक्याच्या नावात कराड आहे. सातारा-सांगलीकडच्या पेपरात बातमीच्या सुरुवातीला पुष्कळदा कऱ्हाड. आणि बोलताना? मी मावशीच्या वाड्यात नीट कान देऊन ऐकलंय. मावशी, शेजारच्या काकू, दूधवाला, सगळे 'कराड' नि 'कऱ्हाड' यांच्या मधलं काहीतरी बोलतात, र वर किंचित श्वास सुटतो, पण जोडाक्षर असं वाटत नाही. 'कुठं निघालाईसा?' 'कऱ्हाडास्नी' असं आजूबाजूच्या खेड्यातला म्हातारा म्हणतो तेव्हा तो श्वास स्पष्ट कळतो.

माझा संशय इंग्रजीवर आहे. रोमन लिपीत ऱ्ह दाखवायची सोय नाही, लिहिणार काय, तर केएआरएडी, आणि मग तेच परत मराठीत वाचलं की कराड. एकदा रेल्वेच्या नि पोस्टाच्या शिक्क्यात बसलं की संपलं. आणि दुसरा गुन्हेगार म्हणजे कीबोर्ड. तो जो डोळ्याच्या पापणीसारखा अर्धा र आहे, ऱ, तो फोनवर पटकन सापडत नाही, माणूस र ला हलंत देऊन ह टाइप करतो आणि स्क्रीनवर येतं 'कर्हाड', म्हणजे रफार ह च्या डोक्यावर जाऊन बसतो, ते वाचायचं कर्‌-हाड, ते तर नक्कीच चूक. तुमच्या ग्रुपमध्ये तीनपैकी एक नाव हे होतं अशी मी पैज लावतो. (बारामतीच्या पोरांनी इकडे लक्ष देऊ नये.) उपाय सोपा, ज्याला जमतंय त्याच्या मेसेजमधून कॉपी करून ठेवा. तऱ्हा, वऱ्हाड, गुऱ्हाळ, सगळ्यांनाच कामाला येईल.

मला स्वतःला याचा फटका बसलाय. मावशीच्या घराच्या वारसाच्या कामात एका ऑफिसात जुन्या दस्तात कऱ्हाड, नव्या उताऱ्यात कराड, तर समोरचा क्लार्क म्हणाला ही दोन वेगळी गावं आहेत, एकच आहे याचं प्रतिज्ञापत्र आणा. शंभराच्या स्टँपवर मी लिहून दिलं की कऱ्हाड आणि कराड हे एकच गाव असून माझ्या माहितीप्रमाणे ते पूर्वीपासून तिथेच आहे. करहकट घालावं असं फार वाटलं, नोटरीने हात धरला.

शिवाय मराठवाड्याकडे कराड हे आडनाव आहे, ते वेगळं. त्यांना ह घालून त्रास देऊ नका.

प्रश्न: कराडची नगरपालिका किती जुनी? आणि पाटीवर नगरपरिषद असतं, लोक नगरपालिका म्हणतात, यात फरक काय? स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतोय. (मलकापूर, ता. कराड)

फरक बोर्डाचा. १९६५ च्या महाराष्ट्राच्या कायद्याने नाव नगरपरिषद झालं, लोकांच्या तोंडात जुनं नगरपालिका राहिलं, आणि बऱ्याच जणांच्या तोंडी तर अजून मुन्शिपाल्टी आहे. परीक्षेत नगरपरिषद लिहा. याच कायद्याने लोकसंख्येवरून वर्ग पडतात, एक लाखाच्या वर अ, चाळीस हजार ते एक लाख ब, पंचवीस ते चाळीस हजार क. कराडची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेत ५४ हजारांच्या आसपास, म्हणून ब वर्ग. ऐकून दचकाल, कारण कराड त्याहून पुष्कळ मोठं वाटतं, पण गाव वाढलं ते हद्दीबाहेर, तुमच्या मलकापुरात, विद्यानगरात, सैदापुरात, ओगलेवाडीकडे. तुमचं मलकापूर तर कराडला चिकटून, हायवेवर, आणि त्याची नगरपरिषद वेगळी.

जुनेपणाचं म्हणाल तर सातारचं राज्य १८४८ मध्ये डलहौसीने खालसा केलं, आणि लगेच दोन वर्षांनी, १८५० मध्ये, कंपनी सरकारचा सव्विसावा कायदा आला. त्यात गंमतीदार अट होती, गावातल्या लोकांनी मागितली तरच नगरपालिका. लोक मागतील कशाला, कर भरावा लागणार ना! बंगालमध्ये हा कायदा जवळजवळ कुणी वापरलाच नाही, मुंबई इलाख्यात मात्र एकामागून एक गावांनी तो घेतला, सातारा, वाई, कराड यांच्या नगरपालिका त्याच पहिल्या लाटेतल्या. म्हणजे १८५७ च्या उठावाच्याही आधीच्या. सुरुवातीला त्यात अधिकारी नि सरकारने नेमलेली बडी मंडळी, निवडून आलेले लोक व्हाइसरॉय रिपनच्या १८८२ च्या ठरावानंतर हळूहळू वाढले. परीक्षेसाठी १८५० नि १८८२ ही दोन वर्षं पक्की करा, विचारतातच.

त्याच्या आधी गाव कोण चालवायचं, तर पेशवाईत कऱ्हाड हे पंत प्रतिनिधींचं ठाणं, संगमावरच्या उंचवट्यावर त्यांचा कोट, त्याला पंताचा कोट म्हणतात, आणि आत नकट्या रावळाची विहीर. ही विहीर बघितली नसेल तर मलकापुरात राहून तुम्ही केलं काय? पायऱ्या उतरत जायचं, दोन्ही बाजूला उभ्या दगडी भिंती, खाली खाली जाल तसा वरचा ट्रॅफिकचा आवाज बंद होत जातो आणि शेवटी नुसतं कबुतरांचं घुमणं ऐकू येतं. लहानपणी आम्हाला तिथे जायला बंदी होती, म्हणून रोज जायचो.

गाव इथेच का वसलं हे त्या कोटाच्या काठावर उभं राहिलं की कळतं. कृष्णा आणि कोयना दोघी महाबळेश्वरच्या, एकीने वाईकडून यायचं ठरवलं, दुसरी सह्याद्रीच्या पोटातून सरळ दक्षिणेला जाऊन हेळवाकला काटकोनात वळून आली, आणि इथे दोघी समोरासमोर येऊन मिळतात. एक नदी दुसरीला बाजूने येऊन मिळते हे सगळीकडेच होतं, इथे अगदी समोरासमोर, बहिणी स्टँडवर भेटतात तशा, आणि मग दोघी मिळून पूर्वेला वळतात. म्हणून प्रीतिसंगम. तिथेच यशवंतराव चव्हाणांची समाधी आहे. दोन नद्यांच्या कुशीतलं उंच ठिकाण, मागे घाट, घाटाखाली बंदरं, गावाजवळच्या आगाशिवच्या डोंगरात बौद्ध लेणी. व्यापारी वस्ती, निगम, इथे होणार नाही तर कुठे होणार. या उंचवट्याची किंमत पुराच्या वर्षी कळते, २०१९ ला खाली समाधीच्या परिसरात पाणी शिरलं होतं.

स्वातंत्र्यानंतर पी. डी. पाटील चार दशकांहून जास्त काळ इथले नगराध्यक्ष होते, हे परीक्षेत नाही विचारणार, पण कऱ्हाडात कुणालाही विचारा, अर्धा तास मोकळा ठेवून विचारा. आणि २०२० च्या स्वच्छ सर्वेक्षणात एक लाखाच्या आतल्या शहरांत कराड देशात पहिलं आलं होतं, दुसरं सासवड, तिसरं लोणावळा. म्हणजे पहिल्या दोन नंबरांत एक गाव कृष्णाकाठचं नि एक कऱ्हाकाठचं. बारामतीच्या पोरांना यातूनही काहीतरी बेट काढता येईल.

प्रश्न: कराड स्टेशनला उतरलो तर गाव कुठेच दिसेना, पाटी मात्र कराड. रिक्षावाला म्हणाला ही ओगलेवाडी. ही वाडी कोणाची? (नागपूर)

ओगल्यांची. काचेचा कारखाना काढला त्यांनी, त्या कारखान्याचा प्रभाकर कंदील एकेकाळी महाराष्ट्रात घरोघरी होता, तुमच्या आजीकडेही असणार, काचेवर नाव बघा. कारखान्याभोवती वस्ती झाली, वस्तीला मालकांचं नाव पडलं, खाली पलूसकडे किर्लोस्करवाडी झाली तसंच. या नावाला ना पुराण लागतं ना शिलालेख. रिक्षाने गाव पंधरा-वीस मिनिटं, भाडं आधी ठरवा, आणि कृष्णेच्या पुलावर आलात की वर डाव्या-उजव्या बाजूला बघत राहा, मशिदीचे दोन उंच मनोरे दिसले की गाव आलं समजा.